बोस्टनला चढली हो!

ऐकलंत का? बोस्टन बिघडलं!

हो हो, तेच बोस्टन. ज्या मॅसॅच्युसेट्सच्या प्युरिटन मंडळींनी १६५९ साली नाताळ साजरा करणाऱ्याला पाच शिलिंग दंडाचा कायदा केला, त्यांचंच बोस्टन. देवाच्या जन्मदिवशी गोडधोड खायची ज्यांना चोरी, त्यांच्या खापरपणतवंडांनी पुढे काय करावं? बरोबर दोनशे वर्षांनी, १८५९ साली, लंडनमध्ये एका शिलिंगाचं एक चोपडं निघालं आणि त्या चोपड्यापायी या कुलवंतांनी ताळतंत्र सोडलं. चोपड्यात काय? दारू. आणखी काय? गुलाब. आणखी? परत दारू. वर परलोकाची तजवीज करत बसणाऱ्यांची यथेच्छ टिंगल. शिव शिव! रविवारी चर्चमध्ये पुढच्या बाकावर बसणाऱ्यांनी हे पुस्तक उशाशी घेऊन झोपावं? कुठे फेडतील ही पापं?

आपल्याला काय, आपण नुसतं बघायचं. पण बघण्यासारखं इतकं आहे की नजर हटत नाही.

आधी या अनर्थाचं मूळ बघा. असलं काही लिहिणारा कवी चांगला रंगेल, पेल्यावर पेले रिचवणारा असेल, असं वाटतं ना? साफ चूक. एडवर्ड फिट्झगेराल्ड हा इंग्लंडच्या सफक परगण्यातला, १८०९ सालचा जन्म. घरची श्रीमंती दांडगी आणि राहणं कुठे, तर वुडब्रिज गावात बंदूकवाल्याच्या दुकानावरच्या भाड्याच्या खोल्यांत. खाणं शाकाहारी, मुख्यतः पाव आणि फळं. टेनिसन, थॅकरे, कार्लाइल असले दिग्गज दोस्त, पण लंडनला जायचं म्हटलं की याच्या जिवावर यायचं. लग्न केलं १८५६च्या नोव्हेंबरात आणि वर्ष पुरं व्हायच्या आत नवरा-बायकोनं आपापल्या वाटा धरल्या. असा हा माणूसघाणा गृहस्थ. त्याची एक शिडाची होडी होती. नाव काय ठेवलं होतं तिचं? 'स्कँडल'! का, तर वुडब्रिज गावात मुख्य पीक तेच निघतं म्हणून. घ्या! आपण आज जो उद्योग मांडून बसलोय, त्याचा मान त्यानं आधीच ठेवला होता म्हणायचा.

बरं, याला फारसीच्या नादाला लावलं कुणी? एडवर्ड कॉवेल नावाच्या मित्रानं. ऑक्सफर्डच्या बॉडलियन ग्रंथालयातली उमर खय्यामची हस्तलिखित प्रत यानंच दाखवली आणि १८५६ साली स्वतः कलकत्त्याच्या प्रेसिडेन्सी कॉलेजात शिकवायला निघून गेला. गेला तो गेला, तिथल्या एशियाटिक सोसायटीतही एक हस्तलिखित सापडलं म्हणून त्याची नक्कल करवून पाठवली. म्हणजे या कटात आपलं कलकत्तासुद्धा सामील! हा कॉवेल मोठा श्रद्धाळू. पुढे जगभर धुमाकूळ सुरू झाला तेव्हा, आपण नकळत केवढी जबाबदारी ओढवून घेतली, म्हणून हळहळायचा. आता हळहळून उपयोग? आग लावायची आणि मग धुरानं डोळे चुरचुरतात म्हणायचं!

आणि उमर तरी कोण? अकराव्या-बाराव्या शतकांतला नैशापूरचा गणिती नि ज्योतिर्विद. घनसमीकरणं सोडवणारा, पंचांग सुधारणारा. त्याच्या नावावर सांगितल्या जाणाऱ्या रुबाया, म्हणजे चार ओळींच्या फारसी कविता, फिट्झगेराल्डनं इंग्रजीत आणायला घेतल्या, दोन-दोन एकात मुरवल्या, काही ठिकाणी आपल्या पदरचं घातलं आणि सगळ्यांचा मिळून एक दिवस शिवला. पहाटे शुद्धीत सुरुवात, मग चढत चढत जाणं आणि चांदण्यात हुरहुर लावून संपणं. एकूण पंच्याहत्तर रुबाया. 'फ्रेझर्स मॅगझिन'ला पाठवल्या, तर त्यांनी छापल्या नाहीत, नुसत्या ठेवून घेतल्या. शेवटी गड्यानं स्वतःच्या खर्चानं अडीचशे प्रती छापल्या, वर आपलं नावसुद्धा घातलं नाही, आणि बर्नार्ड क्वॉरिच या पुस्तकविक्रेत्याकडे ठेवल्या. खप किती? माशी शिंकली! शिलिंगाचं चोपडं उतरत उतरत दुकानाबाहेरच्या एक-पेनीच्या पेटीत जाऊन पडलं.

तिथे १८६१ साली व्हिटली स्टोक्स या जाणत्याच्या हाती ते लागलं. त्यानं एक प्रत कवी-चित्रकार रोझेटीला दिली. रोझेटी आणि कवी स्विनबर्न धावत पेटीपाशी. पेनीपेनीला प्रती उचलल्या. दुसऱ्या दिवशी परत गेले, तर दुकानदारानं भाव केला होता दोन पेन्स! हे दोघे म्हणे भयंकर संतापले. बघा, म्हणजे साथ सुरू व्हायच्या आधीच काळाबाजार सुरू! नि स्टोक्ससाहेब? ते पुढच्याच वर्षी मद्रासला आले आणि १८६२ साली मद्रासमध्ये या पुस्तकाची चोरटी आवृत्ती निघाली. लंडनला धड पत्ता नाही, अमेरिकेनं नावही ऐकलं नाही, आणि मद्रास सगळ्यांच्या आधी बिघडलेलं. तेव्हा अमेरिकेकडे बोट दाखवताना जरा जपून.

पण बोट दाखवायचंच, कारण खरा तमाशा तिथे आहे. चार्ल्स एलियट नॉर्टन हे बोस्टनशेजारच्या केंब्रिजचे प्रकांड पंडित. त्यांनी १८६९ साली 'नॉर्थ अमेरिकन रिव्ह्यू'मध्ये या निनावी पुस्तकाची भरभरून तारीफ केली, नि झालं, ठिणगी पडली. या नॉर्टन महाशयांचा आणखी एक पराक्रम ऐका. इंग्रज कलासमीक्षक रस्किननं १८६३ साली 'या अनुवादका'ला उद्देशून एक चाहत्याचं पत्र लिहिलं होतं. पण द्यायचं कुणाला? नावच ठाऊक नाही! पत्र चित्रकार बर्न-जोन्सकडे पडून राहिलं. त्याच्याकडून ते नॉर्टनकडे, नॉर्टनकडून कार्लाइलकडे आणि १८७३ साली, दहा वर्षांनी, फिट्झगेराल्डच्या हातात. कार्लाइल तर त्याचा जुना दोस्त. आणि हा उद्योग त्याचा आहे हे कार्लाइलला सांगायला अमेरिकेतून माणूस यावा लागला! शेजाऱ्याचं लफडं परदेशी पाहुण्याकडून कळावं, याहून नामुष्की ती कोणती?

मग अमेरिकेत जो पूर आला म्हणता! त्या काळी परदेशी लेखकाच्या पुस्तकाला तिथे कायद्याचं संरक्षणच नव्हतं. तो कायदा झाला १८९१ साली. तोवर ज्याच्या घरी छापखाना तो प्रकाशक. ओहायोतल्या कोलंबस गावात १८७० साली खासगीत आवृत्ती छापली. १८७८ साली बोस्टनमध्ये दुकानात राजरोस मिळणारी आवृत्ती आली. आणि १८८४च्या नोव्हेंबरात तर बोस्टनच्या हाउटन मिफ्लिननं एलिह्यू वेडर या चित्रकाराच्या चित्रांनी नटलेला भलाथोरला ग्रंथ काढला. वेडर अमेरिकन, राहायला रोमला. त्यानं अक्षरंसुद्धा चित्रांतच गुंफली. पहिली आवृत्ती किती दिवसांत संपली? सहा दिवसांत! देवाला जग घडवायला लागले तेवढ्याच. सातव्या दिवशी बोस्टनकरांनी विश्रांती घेतली की दुसरी आवृत्ती मागवली, हे तुम्हीच ओळखा. फिट्झगेराल्ड बिचारा आदल्याच वर्षी गेला होता.

त्यानंतर धरबंध राहिलाच नाही. मेन राज्यातल्या पोर्टलंडचा टॉमस मोशर सुबक छोट्या आवृत्त्यांवर आवृत्त्या काढतोय. ईस्ट ऑरोराचा एल्बर्ट हबर्ड आपल्या रॉयक्रॉफ्ट छापखान्यातून काढतोय. कुणी कातडी बांधणीत, कुणी नखाएवढ्या आकारात. चहाच्या टेबलावर उमर, नाताळच्या भेटीत उमर, भिंतीवरच्या कॅलेंडरात उमर. लिझा लेमाननं १८९६ साली रुबायांना चाली लावून 'इन अ पर्शियन गार्डन' ही गीतमाला केली, म्हणजे आता दिवाणखान्यात पियानोवर उमर. अमेरिकन टोबॅको कंपनीनं 'ओमर' नावाची सिगारेट बाजारात आणली. अहो, त्या बिचाऱ्याच्या काळी नैशापुरात तंबाखूचं पानसुद्धा पोचलं नव्हतं! पण विचारतो कोण? दारूबरोबर धूर हवाच.

आणि नकला? ऑलिव्हर हरफर्डनं १९०४ साली मांजरीच्या पिल्लाच्या रुबाया लिहिल्या. कॅरोलिन वेल्सनं १९०६ साली मोटारगाडीच्या. हेलन रोलंडनं १९१५ साली ब्रह्मचाऱ्याच्या. खुद्द मार्क ट्वेननं म्हातारपणाच्या दुखण्याखुपण्यांवर रुबाया रचल्या. मांजर झालं, मोटार झाली, बद्धकोष्ठ तेवढं राहिलं म्हणावं, तर या गृहस्थानं तेही सोडलं नसेल!

मंडळं निघाली नसती तरच नवल. लंडनचा उमर खय्याम क्लब १८९२चा. त्यांनी काय करावं? इलस्ट्रेटेड लंडन न्यूजचा चित्रकार विल्यम सिम्पसन यानं उमरच्या कबरीवरच्या गुलाबाचं बी आणलं होतं; क्यू बागेत त्याची रोपं वाढवली आणि १८९३ साली सफकमध्ये फिट्झगेराल्डच्या थडग्यावर लावली. आयुष्यात ज्यानं चार माणसांत बसायचं टाळलं, त्याच्या थडग्याशी ही गर्दी! अमेरिकेनं मागे राहावं? १९०० साली, फिट्झगेराल्डच्या वाढदिवसाचा, ३१ मार्चचा मुहूर्त साधून बोस्टनमध्ये अमेरिकेचा उमर खय्याम क्लब स्थापन झाला. बोस्टनमध्ये! नाताळाला दंड करणाऱ्यांच्या गावात! खापरपणजोबा थडग्यात कुशीवर वळले असतील.

आता बाधा झालेल्यांची यादी बघा, आणि तोंडात बोट घाला. जॉन हे हे अमेरिकेचे ब्रिटनमधले राजदूत. पुढे परराष्ट्रमंत्री झालेले. १८९७च्या डिसेंबरात ते लंडनच्या क्लबात भाषणाला उभे राहिले आणि सांगितलं काय, तर रॉकी पर्वतात, माणूसकाणूस नसलेल्या ठिकाणी, एका रांगड्या सरहद्दवाल्याच्या तोंडून आपण उमरची रुबाई ऐकली. म्हणजे राजदूतापासून रानगड्यापर्यंत कुणी शुद्धीत उरलं नव्हतं! सेंट लुइसच्या धर्मोपदेशकाचा एक नातू. चौदाव्या वर्षी हे पुस्तक हाती आलं आणि पोरगं खुळावलं. लागलीच स्वतःच्या नास्तिक, निराश रुबाया लिहू लागलं. सुदैवानं त्या त्यानं नष्ट केल्या. पोराचं नाव टी. एस. एलियट. तोच, तोच! पुढे ज्याला वाचताना एमेच्या वर्गात आपल्याला घाम फुटला, तो इथून सुरू झाला. त्याचा मित्र एझ्रा पाउंड, आधुनिक कवितेचा आणखी एक महर्षी. १९२६ साली मुलगा झाला तर नाव ठेवलं ओमर. आणि युजीन ओनीलच्या 'आह, विल्डरनेस!' नाटकातला शाळकरी नायक रुबाया घोकून आईच्या जिवाला घोर लावतो; नाटकाचं नावही तिथूनच उचललेलं. घरोघरी काय चाललं होतं ते रंगभूमीनंच चव्हाट्यावर मांडलं की.

धर्मोपदेशक चिडले नसतील? चिडले तर! पण त्यांच्यावर उताराही तयार होता: अहो, ही दारू ती दारूच नव्हे. ही ईश्वरभक्ती! निकोला नावाच्या फ्रेंच वाणिज्यदूतानं १८६७ सालीच सांगून ठेवलं होतं की उमर सूफी आणि मदिरा म्हणजे परमेश्वर. फिट्झगेराल्डनं स्वतः हे धुडकावलं. त्याचं म्हणणं, द्राक्षाचा रस तो द्राक्षाचा रस. पण भक्तांना कवीचं ऐकायची सक्ती थोडीच आहे? पुढे अमेरिकेत गेलेल्या आपल्या परमहंस योगानंदांनी रुबाई-रुबाईचा आध्यात्मिक अर्थ लावून दाखवला. आता कुणाची हिंमत आहे नाक मुरडायची? ताकाला जाऊन भांडं लपवायला यांनी चांगलं पितांबर शोधलं!

आणि इथेच सगळी ग्यानबाची मेख आहे. जरा विचार करा. बाटलीतल्या दारूला वास येतो, पैसे पडतात, सकाळी डोकं धरतं आणि घरात तोंड दाखवायची सोय राहत नाही. पुस्तकातल्या दारूला यातलं काही नाही. ती मावशीला मोठ्यानं वाचून दाखवता येते. प्यायल्याची ऐट आणि न प्यायल्याची अब्रू, दोन्ही पदरात! मग कष्टाळू, काटकसरी, पहाटे उठून हिशेब लिहिणाऱ्या अमेरिकेनं ती घटाघटा प्यावी यात आश्चर्य कसलं? पटत नसेल तर दारूबंदीचा काळ बघा. १९२० ते १९३३, अख्खा देश कायद्यानं कोरडा. तेव्हा उमर हद्दपार झाला का? छे! १९१९ साली कॅन्ससच्या जिरार्ड गावात हॉल्डमन-ज्युलियसनं गरिबांसाठी स्वस्त चोपड्यांची माळ काढली आणि त्या माळेतला पहिला मणी कोणता? रुबायाच. पुढे ती चोपडी पाच सेंटला एक मिळू लागली. पाच सेंटात हवी तेवढी प्या! १९२२ साली तर कुणी 'द रुबायत ऑफ ओहाउ ड्रायॅम' छापून कोरड्या घशाचा गळाच काढला.

श्रीमंतांनी मात्र जी हद्द केली तिला तोड नाही. वेडरचा तोच बोस्टनचा ग्रंथ लंडनच्या सँगोर्स्की आणि सटक्लिफ या बांधणीकारांनी घेतला, दोन वर्षं खपून मुखपृष्ठावर मोर काढले आणि त्यावर एक हजार पन्नास रत्नं जडवली. माणिक, पाचू, पुष्कराज, काय म्हणाल ते. ज्या पुस्तकात जगाची दौलत फोल म्हटलीय, त्याच पुस्तकाला! मार्च १९१२मध्ये लिलाव झाला आणि ते ४०५ पौंडांत न्यूयॉर्कच्या पुस्तकविक्रेत्याला गेलं. अमेरिकेला पाठवलं कुठल्या बोटीनं? विचारताय काय, टायटॅनिकनं! सगळा डामडौल अटलांटिकच्या तळाशी. यावरून शहाणं व्हावं की नाही? नाव नको. तिसाच्या दशकात पुन्हा घाट घातला. दुसरी प्रत दुसऱ्या महायुद्धातल्या बाँबहल्ल्यात गेली. मग तिसरी केली, ती १९८९ साली पुरी झाली. उमरनं सांगितलेलं तेवढं सोडून बाकी सगळं ऐकणारी ही जमात!

एवढी गिऱ्हाइकी असल्यावर भेसळवाले येणारच. इंग्लंडमधल्या केंब्रिजचे नामांकित प्राध्यापक आर्बेरी यांनी १९४९ आणि १९५२ साली जुन्यात जुन्या हस्तलिखितांवरून अनुवाद काढले. मागाहून कळलं की ती हस्तलिखितं ताजी बनावट! मग १९६७ साली कवी रॉबर्ट ग्रेव्ह्ज पुढे सरसावला. म्हणे बाराव्या शतकातली प्रत आपल्या सहकाऱ्याच्या, ओमर अली-शाहच्या, घराण्यात पिढ्यान्‌पिढ्या आहे आणि फिट्झगेराल्ड सगळा चुकला. विद्वानांनी म्हटलं, बाप दाखव नाहीतर श्राद्ध कर. प्रत शेवटपर्यंत कुणाच्या दृष्टीस पडली नाही. उलट हा सगळा मजकूर १८९९ सालच्या एका इंग्रजी पुस्तकातल्या टिपांवर उभा आहे, असं दाखवून दिलं गेलं.

तरी वेड ओसरलं म्हणता? १९६७ साली न्यूयॉर्कच्या रिव्हरसाइड चर्चमध्ये मार्टिन ल्यूथर किंग यांनी व्हिएतनाम युद्धाविरुद्धच्या भाषणात एका रुबाईतली ओळ म्हटली. आणि तीच रुबाई ११ डिसेंबर १९९८ला व्हाइट हाउसच्या गुलाबबागेत पुन्हा ऐकू आली. कुणाच्या तोंडून? राष्ट्राध्यक्ष बिल क्लिंटन यांच्या! कशासाठी? अहो, ते प्रकरण! महाभियोग दाराशी आलेला, देशाची माफी मागायची वेळ, आणि साहेबांना आठवलं कोण, तर मदिरेचा शाहीर. आता पश्चात्तापाला बायबल कमी पडलं होतं का?

हसलात? पोटभर हसून घ्या. कारण आता आपला नंबर.

पुण्याच्या रविकिरण मंडळाचे माधव जूलियन. फारसीचे प्राध्यापक, मंडळाची बैठक रविवारची आणि पेय चहा! या सद्गृहस्थांनी १९२९ साली मूळ फारसीवरून रुबाया मराठीत आणल्या. झालं समाधान? नाही. १९३१ साली फिट्झगेराल्डवरून 'द्राक्षकन्या' आणली. तरी भागेना, म्हणून 'मधुलहरी' आहेच. चहा पिऊन तीन-तीनदा दारू गाळणारा कवी दुसऱ्या कुठल्या भाषेत आहे, दाखवा! आणि आपण काय केलं? नाकं मुरडली, कुजबुजलो आणि १९३६ साली जळगावच्या साहित्य संमेलनाच्या अध्यक्षपदी त्यांनाच बसवलं. तिकडे अलाहाबादेत हरिवंशराय बच्चन, थेंबाला न शिवणारे. १९३५ साली फिट्झगेराल्डचा हिंदी अनुवाद करून वर स्वतःची 'मधुशाला' उघडून बसले. हैदराबादचे स्वामी गोविंदतीर्थ तर संन्यासी. त्यांनी १९४१च्या ग्रंथात उमरची जन्मकुंडली सोडवून जन्मतारीखच काढून दिली: १८ मे १०४८. संन्याशाला दारुड्याच्या वाढदिवसाची एवढी काळजी!

आणि ऐंशीच्या दशकात नारायणगावच्या शातो इंदाजनं कळसच केला. आपल्या पुणे जिल्ह्यातल्या द्राक्षांची फेसाळती वाइन शॅम्पेनच्या फ्रेंच रीतीनं बनवली आणि परदेशात पाठवताना लेबलावर नाव छापलं 'ओमर खय्याम'. म्हणजे पुस्तकातून बाटलीत उतरवण्याचं जे धाडस बोस्टनला झालं नाही, ते जुन्नर तालुक्यानं केलं. आता बोला!

तेव्हा कुणीही साळसूदपणे मान हलवू नये. लग्नात मिळालेली ती सचित्र प्रत तुमच्याही कपाटात आहे, मागच्या रांगेत आहे आणि तिची काही पानं जरा जास्तच मऊ पडली आहेत, हे सगळ्यांना ठाऊक आहे. वाचून झाली की इकडे पाठवा. या साऱ्या थेराचा निषेध तर करायलाच हवा, आणि निषेध कसा, नीट अभ्यास करून केलेला बरा.